गिबेट क्रॉसवरची पाटी

नवव्या मैलाच्या दगडावर रूबेन सॅमवेजने घण घातला तो रागारागानेच. आधीचे आठ दगड त्याने आठवडाभरात उपटून, शेजारीच खड्डे खणून पुरले होते. हा नववा काही हलेना. ॲशच्या झाडाने त्याच्या बुडाला मुळ्यांचा असा विळखा घातला होता की दोन घोडे जुंपूनही तो जागचा सुटला नाही. शेवटी गावच्या स्वयंसेवक पहारेकऱ्यांचे म्होरके मेजर पिनी यांनी फर्मावलं, "उपटत नसेल तर अक्षरं फोड. पण वाचता येता कामा नये." सव्वीस वर्षं रूबेन या रस्त्याचा मैलकुली होता. दर वसंतात याच अक्षरांत त्याने काळा रंग भरला होता, दगडाला चुना दिला होता, भोवतीचं गवत विळ्याने कापलं होतं. आता छिन्नी लावून तो गावाच्या नावाचं एकेक वळण उडवत होता. एक कपची उडून गालात घुसली, रक्त हनुवटीपर्यंत आलं, तरी त्याने हात थांबवला नाही.

सन चाळीसचा जून होता तो. फ्रान्स पडलं होतं आणि आता आपली पाळी, हे शाळेतली पोरंसुद्धा बोलत होती. सरकारचा हुकूम आला होता की परक्याला गाव ओळखू येईल अशी एकही खूण ठेवायची नाही. पोस्टावरचं नाव गेलं, चर्चच्या फळ्यावरचं गेलं. व्हिकारनी, म्हणजे आमच्या पाद्रीबाबांनी, तेवढी कुरकुर केली. पण त्यांना चिंता नावाची नव्हती, जुन्या पुलाची होती. आमचा तीन कमानींचा पूल आणि त्याच्या पलीकडचं धान्याचं जुनं कोठार ही दोन्ही सरकारच्या जपणुकीच्या यादीत होती. काही वर्षांपूर्वी एका गाडीवानाने पुलाच्या कठड्याला आस घासून टवका उडवला, तर लंडनहून साहेब आला आणि त्याला दंड ठोकून गेला. तेच सरकार आता दीडशे वर्षांचे दगड फोडा म्हणत होतं. एका हाताचं दुसऱ्या हाताला ठाऊक नसतं, दुसरं काय! अखेर समुद्राच्या रस्त्यावरच्या या पुलावर नाकेबंदी उभी राहिली ती व्हिकारच्या अटीवर, कठड्याला एकही खिळा न मारता. गवताची एक गाडी आडवी घातली आणि तिच्यापुढे लोखंडी दात्यांचा कुळव उलटा ठेवला.

रूबेनला मात्र नुसतं मोडण्यात समाधान नव्हतं. गिबेट क्रॉसवर, म्हणजे जिथे तीन रस्ते फुटतात त्या नाक्यावर, ओतीव लोखंडाच्या पाट्यांचा खांब होता. हुकूम होता पाट्या काढून टाकायचा. रूबेनने त्या काढल्या, घटकाभर हातात तोलल्या आणि अदलाबदल करून परत बसवल्या. गावाचं, कूम हॅलेटचं, नाव समुद्राच्या रस्त्याकडे, समुद्राचं गावाकडे.

"पाटीच न्हाय दिसली तर जर्मन थांबंल, इचार करंल," 'द प्लाऊ'मध्ये ग्लास आपटत तो म्हणाला होता. "पन चुकीची पाटी दिसली म्हंजे? बिनघोर जातोय की समुद्रात!"

सगळा गुत्ता हसला. खरं तर मेजरसाहेबांनी त्याला झापायला हवं होतं, पण त्यांनीही हसून त्याच्या पाठीवर थाप मारली आणि आठवडाभर त्याला सायडर फुकट मिळाली. यात चूक आहे असं कुणालाच वाटलं नाही, कारण चुकणार कोण? गावच्या माणसाला पाटी लागतच नाही. पाटी असते ती परक्यासाठी.

त्या गुरुवारी रूबेनची मुलगी मर्टल अडली. तिचा नवरा आरमारात, बोट कुठे आहे याचा पत्ता नाही. म्हणून पहिल्या बाळंतपणाला ती आईबापांकडेच होती. कळा आदल्या रात्रीच सुरू झाल्या होत्या. दुपारी एकच्या सुमाराला नर्स टिझर्डबाई घामाघूम होऊन माडीवरून खाली आल्या. "बाळ अडलंय. हे माझ्या हातचं काम नाही," म्हणाल्या आणि सायकल दामटून पोस्टातून शहरात फोन करून आल्या. डॉक्टर तीनपर्यंत पोचतील असा निरोप होता. वर मर्टल ओरडत होती आणि खाली रूबेन या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत येरझारा घालत होता.

"फरशी झिजवायला थांबलायस व्हय?" त्याची बायको थर्झा पाण्याची घागर घेऊन जाता जाता खेकसली. "डाक्टर येतोय. तुझं काय काम हितं? जा त्या तुझ्या पुलावर, शिपाई झालायस नवं का!"

पुलावरच्या पहाऱ्याची तीनची पाळी त्याचीच होती. दंडाला स्वयंसेवकाची पट्टी बांधून, कुदळीचा दांडा खांद्यावर टाकून तो निघाला. शहराचा रस्ता चर्चच्या अंगाने गावात शिरतो. पुलाशी त्याचा संबंध नाही. तीनचे ठोके पडले तेव्हा पुलावर उभ्या रूबेनने मनाशी म्हटलं, पोचले डॉक्टर. मर्टलपाशी बसले असतील. तेवढ्यानेच त्याच्या छातीवरचं ओझं हललं.

जोडीला वॉल्ट लेग होता, लोहाराचा थोरला. त्याच्याकडे बापाची शिकारीची बंदूक होती आणि गावातली सगळी काडतुसं, म्हणजे पाच.

साडेचारला समुद्राकडच्या रस्त्यावर धुरळा उडाला. त्या बाजूने महिनाभरात पोलिसांखेरीज कुणी आलं नव्हतं. लहानशी काळी मोटार कुळवापासून हातभर अंतरावर करकचून थांबली. आत तिशीचा, काळ्या केसांचा, हडकुळा माणूस होता. डोक्यावर हॅट नाही, शर्ट घामाने चिकटलेला, मांडीवर नकाशा आणि त्यावर पेन्सिलीच्या खुणा.

"कूम हॅलेट हेच ना?" त्याने डोकं बाहेर काढून विचारलं. बोलण्याला चमत्कारिक हेल होता, शब्दाच्या शेवटी सूर वर चढवायचा.

"कोन इचारतंय?" वॉल्टने बंदूक सरळ केली.

"मी डॉक्टर प्रोथेरो. रस्ता चुकलो. दोन तास या आडवाटांनी भटकतोय आणि वाट विचारली तर जो तो बहिरा असल्याचं सोंग करतोय. ही गाडी बाजूला घ्या आधी!"

"आमचा डाक्टर फेनेल हाय. पांढऱ्या मिशांचा."

"फेनेल इस्पितळात अडकलेत. जखमी सैनिकांची गाडी आलीय. मी परवाच त्यांच्या मदतीला आलोय."

मेजरसाहेबांनी शिकवून ठेवलं होतं की हेर पाद्री म्हणून येईल, नर्स म्हणून येईल, डॉक्टर म्हणून येईल. त्याला असं काही विचारा की इथल्या माणसालाच ठाऊक असेल. वॉल्टने विचारलं, "फेनेलसायबाच्या कुत्र्याचं नाव काय?"

"कुत्र्याचं?" तो माणूस भडकून हसला. "अरे मूर्खा, तिकडे बाई मरतेय!"

"कोन बाई?" इतका वेळ गप्प असलेला रूबेन पुढे झाला.

"सॅमवेजच्या घरची. मर्टल. पहिलटकरीण आहे."

रूबेनच्या कानशिलात रक्त धडधडायला लागलं. डॉक्टर तर तीनलाच आलेत. मर्टलपाशी बसलेत. मग हा कोण? आणि समुद्राकडून आलेल्या या माणसाच्या तोंडी आपल्या पोरीचं नाव आलं कुठून? जर्मनांकडे आधी मारायच्या लोकांच्या याद्या तयार आहेत, असं मेजरसाहेबांनी पेपरातून वाचून दाखवलं होतं. कुणाकुणाची नावं असतील यावर 'प्लाऊ'मध्ये पैजाही लागल्या होत्या. पाट्या फिरवणाऱ्याचं नाव त्यात असणारच, हे रूबेनला तेव्हाही वाटलं होतं आणि खोटं कशाला बोला, त्यात थोडी ऐटही वाटली होती.

त्याने दार उघडलं, गचांडी धरून त्या माणसाला रस्त्यावर ओढलं आणि त्याच्या खिशात हात घातला. घडी केलेली चिठ्ठी निघाली. रूबेनला वाचता येई ते दगडावरच्या अक्षरांपुरतं. चिठ्ठीवर पहिलाच शब्द त्याचं आडनाव होतं. पुढचं त्याने वाचलंच नाही.

"माझं नाव कुनी दिलं रं तुला?" म्हणत त्याने पहिला ठोसा तोंडावर हाणला.

ओठ फाटला, दात लालभडक झाले. "बॅग... माझी बॅग बघा," म्हणत त्या माणसाने मोटारीत हात घातला आणि चामड्याची बॅग ओढली.

"बाँब हाय!" वॉल्ट किंचाळला.

कुदळीचा दांडा मनगटावर बसला. वाळकी फाटी मोडावी तसा आवाज झाला. तो माणूस गुडघ्यांवर कोसळला आणि वेदनेने आपल्या बोलीत ओरडला. लांबलचक, घशातलं काहीतरी. कूम हॅलेटमध्ये वेल्सची बोली कधी कुणी ऐकली होती? "जर्मन! जर्मन बोलतोय बघ!" वॉल्ट नाचायला लागला. त्याने बॅग उचलली, हातभर लांब धरून धावत गेला आणि कठड्यावरून नदीत फेकली. मग कानात बोटं घालून, डोळे मिटून खाली बसला. खाली पाणी घोटाभरच होतं. बॅग गोट्यांवर आपटून फाटली, आत काचा खळखळल्या. स्फोट काही झाला नाही.

रूबेनने तिकडे पाहिलंही नाही. त्या माणसाने धुळीत टेकलेला दुसरा हात त्याला दिसत होता. त्याने त्यावर बूट ठेवला, नाल मारलेला. "कुनी सांगितलं माझ्या पोरीचं नाव?" प्रत्येक वेळी विचारताना तो टाच फिरवत होता. तीनदा विचारलं. त्याला बरं वाटत होतं, हे सांगायलाच हवं. महिनाभर पोटात भीती घेऊन फिरत होता; रात्रभर पोरीचा आक्रोश ऐकून हात चोळत बसला होता; आता कुठे हाताला मारण्याजोगं काही सापडलं होतं. मग बरगडीत लाथा घातल्या. किती, ते त्याने मोजलं नाही.

सायकलची घंटा वाजली. नर्स टिझर्डबाई टोपी मागे सरकलेली, बाह्या कोपरापर्यंत रक्ताने माखलेल्या, अशा गावाकडून येत होत्या.

"रूबेन! अरे डॉक्टर आलेच नाहीत अजून! आत्ता पुन्हा फोन केला, तर म्हणतात अडीचलाच निघालेत. कुणी नवे आहेत, वेल्सचे, काळी मोटार..." त्यांची नजर मोटारीवर गेली आणि मग खाली गेली.

आधी बोलला तो खाली पडलेला माणूस. तोंडातलं रक्त थुंकून त्याने विचारलं, "बाळाचे ठोके लागतायत का, सिस्टर?"

"लागतायत. मंद आहेत."

"मग उचला मला."

रूबेनने त्याला उचललं. वॉल्ट बुटांसकट नदीत उतरला आणि फाटकी बॅग छातीशी धरून आला. तिच्यातून पाणी गळत होतं. गाडी आणि कुळव ओढून त्यांनी वाट केली. मोटार वॉल्टने चालवली. मागच्या बाजूला प्रोथेरो दोन्ही हात मांडीवर घेऊन बसला होता. उजवं मनगट उलट्या बाजूला वळलं होतं, डाव्या हाताची बोटं सुजून एकमेकांना चिकटली होती.

"मी पावणेतीनलाच पोचायचो," तो डोळे मिटून म्हणाला. "त्या तिठ्यावर पाटी होती म्हणून बरं, असंसुद्धा वाटलं मला. डावीकडे कूम हॅलेट. वळलो तर अकरा मैलांवर समुद्र!"

वॉल्टने समोरच्या आरशातून रूबेनकडे पाहिलं आणि पटकन नजर काढून घेतली.

घरात शिरताना थर्झाने डॉक्टरांचे हात पाहिले. "हे कुनी केलं?" तिने विचारलं. तिने नवऱ्याच्या हातातला दांडा पाहिला, त्यावरचं रक्त पाहिलं आणि पाणी उकळायला ठेवलं.

बॅगेतला बाळ ओढून काढायचा लोखंडी चिमटा शाबूत होता. तो नर्सबाईंनी उकळून घेतला. आयुष्यात त्यांनी तो कधी वापरला नव्हता. प्रोथेरो पलंगाशी गुडघे टेकून बसला आणि शब्दांनी त्यांचे हात चालवायला लागला. "डावं पातं आधी. कानाच्या बाजूने. जोर नको. थांबा. आता कळ येऊ द्या. ओढा, खाली, आणखी खाली!" जिन्यात बसलेल्या रूबेनला प्रत्येक शब्द ऐकू येत होता आणि प्रत्येक शब्दामागून मर्टलची किंकाळी. मग किंकाळी तुटली आणि मांजराच्या पिलासारखा बारीक आवाज आला. मुलगी झाली होती. कपाळावर चिमट्याचा वळ होता, पण रडत होती. रूबेनने पायरीवर डोकं टेकून देवाचं नाव घेतलं.

"सॅमवेज! वर या! पळत या!"

अंथरूण लाल झालं होतं. पलंगाखालच्या बादलीत ठिबकत नव्हतं, धार लागली होती. प्रोथेरोचा चेहरा पांढराफटक पडला होता. "रक्त थांबवायचं इंजेक्शन होतं बॅगेत," तो म्हणाला. नर्सबाईंनी बॅग जमिनीवर उपडी केली. काचेचा चुरा आणि नदीची वाळू पडली.

"वॉल्ट, मोटार काढ. फेनेलच्या दवाखान्यात जा, आणि अर्गट म्हण, एवढंच म्हण. सॅमवेज, तुम्ही मूठ वळा. इथे, बेंबीच्या वर. सगळा भार द्या. पाठीच्या कण्यापर्यंत दाबा. मी सांगेपर्यंत सोडायचं नाही."

रूबेनने मूठ वळली. त्याच मुठीने तासापूर्वी त्याने या माणसाचा ओठ फाडला होता. तो वाकला आणि आपल्या पोरीच्या पोटावर भार टाकला.

"बाबा, दुखतंय," मर्टल म्हणाली.

"व्हय गं बाय. सोस जरा."

"बाबा, सोडा ना."

धार मंदावली. नर्सबाई चोळत होत्या, बोळे कोंबत होत्या. रूबेनच्या कपाळाचा घाम तिच्या झग्यावर टपटपत होता. शहर नऊ मैल, जाऊन येऊन अर्धा तास फार फार. अर्धा तास झाला. पाऊण झाला. रूबेनचे दंड लटपटायला लागले आणि दंड लटपटले की बादलीत धार वाजायची. वॉल्ट कुठे होता ते मागाहून कळलं. शेजारच्या गावाच्या नाक्यावर परक्या मोटारीत सापडला म्हणून तिथल्या गड्यांनी त्याला बंदुकीच्या दस्त्याने बडवून गोठ्यात कोंडला होता. त्यांचाही हुकूम तोच होता.

मर्टल कण्हायची थांबली. रूबेनला वाटलं, दुखणं कमी झालं. तो आणखी जोराने दाबत राहिला.

"सोडा आता," प्रोथेरो म्हणाला.

"तुमी म्हनला सोडायचं न्हाय."

"सॅमवेज, ती गेली."

त्याने मूठ काढली नाही. नर्सबाईंना त्याची बोटं एकेक करून उलगडावी लागली. थर्झा बाळ छातीशी धरून कोपऱ्यात उभी होती.

तो खाली अंगणात आला तेव्हा ऊन अजून होतं. जूनमध्ये आमच्याकडे नऊपर्यंत उजेड असतो. फाटकाशी मेजर पिनी सायकलवरून उतरत होते. त्यांना पुलावरची अर्धीच बातमी पोचली होती.

"शाब्बास, सॅमवेज!" हात पुढे करून ते म्हणाले. "ऐकलं, एक पकडलास म्हणून! पाट्यांची युक्ती कामी आली म्हणायची!"

रूबेनने त्यांना धरलं. पहिल्या ठोशाला जबडा निखळला, दुसऱ्याला ते घेवड्याच्या मांडवावर कोसळले आणि मांडव त्यांच्या अंगावर आला. काठ्या आणि वेलींच्या त्या गुंत्यात घुसून रूबेन त्यांना मारत राहिला. साठीचा म्हातारा, तोंडातून रक्ताचे फुगे येत होते, एक हात वर करून काहीतरी सांगत होता. शेजारच्या परड्यातून दोघे धावत आले आणि त्यांनी रूबेनला मागून धरून खेचलं, नाहीतर त्या दिवशी गावात दुसरं मढं पडलं असतं. मेजरना दाराच्या फळीवर घालून नेलं. रूबेन तिथेच उभा राहिला, कुणी पकडायला येईल म्हणून.

प्रोथेरो दाराजवळच्या बाकावर बसला होता. नर्सबाईंनी त्याचे हात लाकडी डावांना फडक्याने बांधून दिले होते. शहरातून गाडी मागवली होती. रूबेन त्याच्यासमोर जाऊन उभा राहिला. माफी मागण्याइतकं धैर्य त्याला नव्हतं, विचारण्याइतकं होतं.

"डाक्टर, तुमी पावनेतीनला आला असता तर वाचली असती का?"

प्रोथेरो खोटं बोलला असता तर कुणी दोष दिला नसता. पण त्याच्या तीन बरगड्या मोडल्या होत्या, आणि ज्या बोटांच्या जोरावर पुढची तीस वर्षं पोट भरायचं ती पुन्हा वळतील की नाही ते त्याला माहीत नव्हतं.

"वाचली असती," तो म्हणाला. मग श्वास घेऊन पुढे म्हणाला, "आणि साडेचारला आलो तेव्हा पुलावरून सोडलं असतंत, तरीही वाचली असती. उशीर झाला होता, पण फार नव्हता. माझे हात हवे होते आणि ती बाटली."

उंबऱ्यात थर्झा उभी होती. बाळ तिने मर्टलच्याच शालीत गुंडाळलं होतं. तिने सगळं ऐकलं. रूबेन वळला आणि बाळाकडे बघून त्याने एक पाऊल टाकलं. त्याच्या दोन्ही हातांवर रक्त होतं, पोरीचं, डॉक्टरचं आणि मेजरचं. कुठलं कुणाचं ते आता कळत नव्हतं.

"थर्झा," तो म्हणाला.

ती मागे सरली. दार लागलं आणि आतून अडसर सरकल्याचा आवाज आला. थोड्या वेळाने बाळ रडायला लागलं. रूबेन पायरीवर बसून ते ऐकत राहिला. दार वाजवायचं त्याला सुचलं नाही.